पाठीवर ठिणगी पडत नाही

त्याला सगळे चित्ता म्हणायचे. पळण्यात तेज होता म्हणून नव्हे, बिचारा बसच्या मागेही कधी धावला नाही. अंगभर तपकिरी ठिपके होते म्हणून चित्ता. कारखान्यात पहिल्यांदा शर्ट काढून नळाखाली उभा राहिला तेव्हा कुणीतरी ओरडलं, "अरे, चित्ता आला रे!" आणि ते नाव जे चिकटलं ते चिकटलंच. पगारपत्रक सोडलं तर त्याचं खरं नाव कुठे उरलंच नाही.

तो वेल्डर होता. साधासुधा नाही, टाकीतला. दूध, तेल, रसायनं साठवायच्या मोठमोठ्या लोखंडी टाक्या तो कारखाना बनवत असे. बाहेरून जोड मारणारे पुष्कळ असतात. पण आतला जोड मारायला टाकीच्या झाकणातून सरपटत आत शिरावं लागतं, आणि तिथे तीन-तीन तास अंधारात, धुरात, उकाड्यात बसून एक सरळ रेघ ओढावी लागते. ती रेघ जरा वाकडी गेली की टाकी गळते. चित्त्याची एकही टाकी कधी गळली नाही. हे मी आधीच सांगून ठेवतो, कारण पुढे जे सांगायचं आहे ते ऐकताना लोक हे सोयीस्कर विसरतात. थरथरत्या हाताने अशी रेघ येत नाही, एवढी साधी गोष्ट त्या शंभर माणसांच्या कारखान्यात एकाच्याही डोक्यात आली नाही.

ठिपक्यांचं कुणालाच नवल नव्हतं. वेल्डरच्या अंगावर ठिणग्यांचे डाग असणारच. प्रत्येकाच्या हातावर, गळ्याशी होते. चित्त्याचे जरा जास्त, एवढंच. त्यालाही तसंच वाटायचं. चोविसाव्या वर्षी मांडीवर पहिले चार-पाच दिसले तेव्हा तो बायकोला म्हणाला, "ठिणग्या कुठून कुठे शिरतात बघ." बायको म्हणाली, "मग जाड पँट घाला की." त्याने जाड पँट घेतली. ठिपके वाढतच गेले. पट्टा घासला की ते लाल व्हायचे, फुगायचे, खाजायचे, आणि तासाभरात पुन्हा बसायचे. लोखंडात काम करणाऱ्या माणसाने खाजेचं काय कौतुक करायचं! दिवसभरात काही ना काही चावतच असतं, पोळतच असतं.

आता कारखान्याची एक रीत सांगायला हवी, कारण सगळा घोळ तिच्यातच आहे. फोरमनच्या खणात एक गोल पत्र्याचा डबा असे, दुखण्याच्या पांढऱ्या गोळ्यांचा. टाकीत उतरण्याआधी प्रत्येकाने दोन गोळ्या गिळायच्या. धुराने आणि उकाड्याने डोकं धरतंच, मग ते धरायच्या आधीच बंदोबस्त केलेला बरा, असं फोरमनचं शास्त्र. त्या गोळ्यांना सगळे 'तिकीट' म्हणत. झाकणाशी फोरमन उभा राहून विचारायचा, "तिकीट काढलंस का?" आणि मगच आत सोडायचा. मनाने वाईट नव्हता तो. पण जे आपल्याला ठाऊक नाही ते चार जणांना गिळायला लावायचा हक्क त्याला कुणी दिला होता, कोण जाणे!

बाकीच्यांना त्या गोळ्यांनी काही झालं नाही. चित्ता मात्र टाकीतून बाहेर यायचा तो तोंड लालभडक, डोळे तांबारलेले, पाय लटपटत. दोन पावलं चालून भिंत धरायचा. कधी जीभ जड व्हायची, कधी पोटात कळ येऊन संडासाकडे पळायचा, कधी तिथेच बसकण मारायचा. आणि अंगाला वास स्पिरिटचा! कारण जोड मारण्याआधी पत्रा स्पिरिटच्या फडक्याने पुसावा लागतो. लाल तोंड, लटपटणारे पाय आणि स्पिरिटचा वास. आणखी काय पुरावा हवा?

"आत बाटली लपवतोय लेकाचा," कुणीतरी म्हणालं. "एकटाच असतो ना तीन तास!"

चित्त्याने आयुष्यात दारूचा थेंब घेतलेला नव्हता. त्याचा बाप घ्यायचा. इतका घ्यायचा की आईने घरातली भांडी नेसत्या लुगड्यात गुंडाळून शेजारी ठेवायला दिली होती. बाप रोज शपथ घ्यायचा, "आज घेतली नाही, तुझ्या डोक्यावर हात ठेवून सांगतो," आणि लहानग्या चित्त्याच्या डोक्यावर खरंच हात ठेवायचा. त्या हाताचा वास चित्ता विसरला नव्हता. दहाव्या वर्षी त्याने ठरवलं, मेलो तरी शिवणार नाही. आणि शिवलाही नाही. पण लोकांना बाप माहीत होता. "वळण नाही का तेच!" असं म्हणून सगळे मोकळे.

कारखान्याच्या डॉक्टरकडे तो स्वतःहून गेला, दोनदा. डॉक्टरने त्याच्या हातांकडे पाहिलं. "वेल्डर ना? मग डाग असणारच." चक्कर येते म्हणाला, तेव्हा डॉक्टरने चष्म्यावरून पाहिलं, पोटातल्या जळजळीची गोळी लिहून दिली आणि हळूच म्हणाला, "कमी करा जरा."

"काय कमी करू?"

"ते तुम्हाला माहीत आहे."

शर्ट काढा, एवढं म्हणायचे कष्टही त्या भल्या गृहस्थाने घेतले नाहीत.

मुलगी पंधरा वर्षांची होती तेव्हा शाळेत तिला बक्षीस होतं, भूमितीचं. बापासारखीच सरळ रेघ ओढणारी पोर. तिने आठ दिवस आधीपासून बजावलं होतं, "बाबा, तुम्ही यायचंच." चित्ता त्या दिवशी टाकीतून निघाला तो थेट शाळेत गेला. दोन गोळ्या पोटात, अंगावर टाकीचा उकाडा, आणि सभागृहात माणसांची दाटी. मुलीचं नाव पुकारलं तसा तो टाळ्या वाजवायला उठला, आणि पुढच्या दोन खुर्च्या घेऊन व्यासपीठाच्या पायरीशी आडवा झाला. तोंड टोमॅटोसारखं लाल. कुणीतरी हसलं, मग बरेच जण हसले. मुलीने बक्षीस घेतलं, पायरी उतरली आणि त्याच्या बाजूने निघून गेली. थांबली नाही. घरी आल्यावर तिने त्याच्या तोंडाशी नाक आणलं, श्वास ओढला आणि आत गेली. त्या दिवसापासून ती रोज वास घ्यायची. स्पिरिटचा वास काय, असायचाच.

सहा महिन्यांनी कारखान्याने त्याला काढलं. कागदावर 'कामावर असताना मद्यपान' असं स्वच्छ अक्षरात लिहिलं. मग एका शेडमध्ये फाटकं आणि खिडक्यांचे गज जोडायचं काम त्याने धरलं. तिथे टाकी नव्हती, फोरमन नव्हता, तिकीट नव्हतं. चक्कर हळूहळू कमी झाली. आंघोळीचं पाणी जास्त कढत झालं किंवा ऊन फार झालं तर तोंड लाल व्हायचं, तेवढंच. तो खूश झाला. त्याला वाटलं, आता तरी लोक म्हणतील की हा पीत नव्हता. लोक काय म्हणाले? "सुटली वाटतं एकदाची!" आता बोला!

मुलीचं लग्न झालं, तिला मुलगी झाली. चित्ता आजोबा झाला आणि तिथे त्याची खरी गोची झाली. कारखान्याने काढलं ते त्याने गिळलं, डॉक्टर बोलला ते गिळलं. पण मुलीने अट घातली: नातीला मांडीवर घ्यायचं तर आधी वास द्यायचा, आणि तिला एकट्याने कोपऱ्यावरच्या बागेतसुद्धा न्यायचं नाही. "तुम्ही पूर्ण सोडा, मग बघू," मुलगी म्हणायची.

"अगं, जे धरलंच नाही ते सोडू कसं?"

"माझे आजोबाही असंच म्हणायचे ना, बाबा? तुम्हीच सांगितलंय."

पिणारा नाही म्हणतो, न पिणाराही नाही म्हणतो, शब्द दोघांचा एकच. नात चार वर्षांची झाली तोवर तिलाही ती रीत पाठ झाली होती. आजोबा दारात आले की ती समोर उभी राहायची आणि म्हणायची, "आ करा." तिला तो खेळ वाटायचा. चित्ता आ करायचा. नात नाक वर करून मोठ्या बाईसारखा वास घ्यायची आणि आईकडे वळून निकाल सांगायची. तो हसायचा. हसल्याशिवाय दुसरं करणार काय होता तो?

मग त्याची दाढ दुखायला लागली. दातांच्या डॉक्टरने दाढ काढण्याआधी एक दुखण्याची गोळी दिली आणि बाहेर बाकावर बसायला सांगितलं. बारा वर्षांत पोटात गेलेली ती पहिली गोळी. अर्ध्या तासात चित्त्याचं तोंड पेटलं, छातीत धडधडलं, श्वासाला शिट्टीसारखा आवाज यायला लागला आणि तो बाकावरून खाली आला. शेजारची बाई पर्स सांभाळत उठली आणि म्हणाली, "शी! सकाळी सकाळी पिऊन आलाय." दातांचा डॉक्टर मात्र घाबरला, त्याने नाडी पाहिली, ती लागेचना. गाडीत घालून मोठ्या दवाखान्यात पोचवलं.

तिथे इंजेक्शन दिलं, तो सावरला. दुसऱ्या दिवशी एक तरुण डॉक्टरीणबाई आली, कातडीच्या विभागातली. केस घाईघाईत बांधलेले, खिशाला शाईचा डाग. तिने जगावेगळी गोष्ट केली. ती म्हणाली, "काका, शर्ट काढा."

त्याने काढला. ती त्याच्याभोवती सावकाश एक फेरी मारून आली.

"हे कशाचे डाग?"

"ठिणग्यांचे. वेल्डर आहे मी."

"वेल्डिंग करताना काम कुठे असतं, पुढे की मागे?"

"पुढेच की."

"मग पाठीवर ठिणग्या कशा पडल्या? आणि मांडीवर, पँटच्या आत?"

तीस वर्षं चित्ता ते ठिपके अंगावर वागवत होता, आणि हा प्रश्न त्याला एकदाही पडला नव्हता. स्वतःचाच राग आला त्याला, खरोखरचा राग.

तिने पेनाची मागची बाजू घेऊन पाठीवरच्या एका ठिपक्यावर चार वेळा घासली. "हलू नका." पाचेक मिनिटांत तो ठिपका लाल होऊन चांगला पित्ताच्या गांधीसारखा वर आला, शेजारची कातडी होती तशीच. पुढेमागे दोन आरसे धरून तिने त्याला तो दाखवला. मग कातडीचा मसुरीएवढा तुकडा काढला, रक्त घेतलं, आणि आठ-दहा दिवसांनी बायकोला घेऊन यायला सांगितलं.

"काका, याला मॅस्टोसायटोसिस म्हणतात," दोघं आल्यावर अहवाल पुढे ठेवून ती म्हणाली. "नाव विसरलात तरी चालेल, गोष्ट लक्षात ठेवा. आपल्या कातडीत मास्ट नावाच्या पेशी असतात. राखणीच्या पेशी म्हणा. त्यांच्या पोटात औषधी रसांच्या पुड्या भरलेल्या असतात. काही चावलं, टोचलं की त्या पुड्या फोडतात, तिथे सूज येते, खाज येते. सगळ्यांनाच असतात त्या. तुमच्यात त्या फार झाल्यात आणि जागोजागी जमून बसल्यात, तेच हे ठिपके. घासलं, फार उकडलं, गांधीलमाशी चावली, काही ठरावीक गोळ्या घेतल्या, की सगळ्या मिळून एकदम पुड्या फोडतात. मग रक्तवाहिन्या सैल पडतात, तोंड लाल होतं, रक्तदाब खाली येतो, पोट बिघडतं, माणूस कोसळतो."

"कसल्या गोळ्या?"

"दुखण्याच्या काही. या आजाराच्या प्रत्येकाला त्यांनी त्रास होतोच असं नाही, पण तुम्हाला होतो, हे दिसलंच."

पत्र्याच्या गोल डब्याचं झाकण उघडताना होणारा आवाज त्याला आठवला.

हे कुणाला लागत नाही, ती सांगत होती. सहसा आईबापाकडून येत नाही, मुलांकडे जात नाही. मोठ्या माणसांत हे पुष्कळदा कातडीपुरतं राहत नाही, म्हणून हाडातला मगज तपासायला हवा. पुरतं जात नाही, पण खाजेच्या गोळ्यांनी आटोक्यात राहतं, आणि एक इंजेक्शन कायम जवळ बाळगायचं. "आणि हो, काका, दारू अजिबात नको हं. तिनेही पुड्या फुटू शकतात."

चित्ता हसायला लागला. हसता हसता त्याला ठसका लागला, डोळ्यांतून पाणी आलं. डॉक्टरीणबाईला कळेना काय झालं. बायको पदराशी चाळा करत खाली बघत होती.

"आणखी काही औषधं घेता का? काढे, चूर्णं, पावडरी?"

"काही नाही," चित्ता म्हणाला. बायको गप्पच.

डॉक्टरीणबाईने खिशात ठेवायला एक कागद लिहिला: आजाराचं नाव, कशाकशाने त्रास होतो, कोणत्या गोळ्या देऊ नयेत, कोसळल्यास काय करावं. चित्ता म्हणाला, "बाई, त्यात एक ओळ घालाल? हा माणूस पीत नाही म्हणून."

"काका, ते काही वैद्यकीय नाही हो."

"तरी घाला."

तिने लिहिलं: 'यांना येणारी चक्कर आजारामुळे येते, मद्यामुळे नाही.' खाली सही केली आणि शिक्का मारला. त्या शिक्क्याची शाई वाळेपर्यंत चित्त्याने कागद हातात आडवा धरून ठेवला.

घरी आल्यावर बायको स्वयंपाकघरात गेली, स्टूल घेऊन सगळ्यात वरच्या फळीवरून एक बरणी काढली आणि त्याच्यासमोर ठेवली. आत राखाडी पावडर होती.

"हे काय?"

"सोडवायचं औषध. बाजाराच्या कडेला एक माणूस विकतो. चहातून द्यायचं असतं, न सांगता."

"कधीपासून?"

"शाळेत तुम्ही पडलात तेव्हापासून."

तेरा वर्षं! चित्त्याने बोटांवर मोजून पाहिलं. तेरा वर्षं रोज सकाळी त्याने तो चहा बायकोचं कौतुक करत प्यायला होता. त्यात काय काय होतं, देवाला ठाऊक. आणि शेडमध्ये गेल्यावर चक्कर कमी झाली, तेव्हा या बाईने मुलीला आनंदाने कळवलं होतं, "औषध लागू पडलं गं!" म्हणजे पीत होता हेही सिद्ध झालं. गोळ्या थांबल्याने माणूस बरा झाला, आणि श्रेय गेलं बरणीला! वर विकणाऱ्याने सांगून ठेवलेलं: बंद केलं तर पुन्हा सुरू होतं. मग बंद कोण करणार?

"तुला तरी वाटलं होतं का गं, मी पितो म्हणून?" त्याने विचारलं. आवाज चढवला नाही. चढवला असता तर बरं झालं असतं.

बायको रडत नव्हती. "तो माणूस एक चमचा घालायला सांगायचा," ती म्हणाली. "मी अर्धाच घालायचे. कधी वाटायचं, तुम्ही खरंच सांगताय. कधी वाटायचं, सगळेच कसे खोटं बोलतील?"

त्याने बरणी मोरीत रिकामी केली आणि धुऊन पालथी घातली. त्यानंतर सकाळचा चहा तो स्वतः करायला लागला.

कागद घेऊन तो आधी जुन्या फोरमनकडे गेला. फोरमन निवृत्त झालेला, गुडघे धरून बसलेला. कागद लांब धरून वाचला आणि कपाळाला हात लावला. "अरे गाढवा, मग हे तेव्हाच का नाही सांगितलंस? उगाच नोकरी घालवलीस!"

चित्ता उठला. उंबऱ्यापर्यंत आला आणि वळून म्हणाला, "मी घेत नाही, हे सांगितलं होतं साहेब. रोज सांगितलं होतं." फोरमनच्या शेजारी तोच गोल डबा होता.

रविवारी तो मुलीकडे गेला. बेल वाजवली, दार मुलीने उघडलं. नात आत होती, बुटांशी झटापट करत. बागेत जायचा तिचा रविवारचा हट्ट असे. चित्त्याने कागद पुढे केला. मुलीने उभ्या उभ्या वाचला. मग खुर्चीवर बसून पुन्हा वाचला. शेवटच्या ओळीवर तिचं बोट थांबलं.

"म्हणजे त्या दिवशी शाळेत..."

"टाकीतून आलो होतो. दोन गोळ्या होत्या पोटात."

"मी तुमच्या बाजूने निघून गेले, बाबा," ती म्हणाली. "तुम्ही खाली पडला होता आणि मी निघून गेले."

"पंधरा वर्षांची होतीस."

"तुम्ही ओरडला का नाहीत माझ्यावर कधी? एकदा तरी ओरडायचं होतं!"

"ओरडलो असतो तर म्हणाली असतीस, चढलीय." दोघांनाही हसू आलं आणि ते लगेच गेलंही. तिने डोळे पुसले. चित्त्याला वाटलं, हीच वेळ. गेली चार वर्षं जे मागायचं होतं ते त्याने मागितलं. "मग आज मी नेऊ का तिला बागेत? मी एकटा? अर्ध्या तासात आणतो."

मुलीने मान हलवली, हो म्हणायला तोंडही उघडलं. मग तिची नजर पुन्हा कागदावर गेली, वरच्या ओळींवर. ऊन, उकाडा, गांधीलमाशी, अचानक कोसळणे.

"बाबा," ती हळूच म्हणाली, "पण रस्त्यात पडलात तर? तिचा हात धरलेला असताना? मी येते ना बरोबर. थांबा, चप्पल घालते."

चुकीचं काय बोलली ती? काहीच नाही. तेच तर वाईट. दारूचा आळ असताना निदान तिच्यावर रागावता तरी येत होतं.

एवढ्यात नात बाहेर आली. बूट उलटे घातले होते, डावा उजव्यात. ती नेहमीसारखी आजोबांसमोर उभी राहिली आणि म्हणाली, "आ करा."

"अगं, नाही," मुलगी चपलेत पाय अडकवता अडकवता ओरडली. "आता ते करायचं नाही. आजोबा घेत नाहीत. कधीच घेत नव्हते. कागद आहे बघ."

नातीने कागदाकडे पाहिलं. तिला वाचता येत नव्हतं. "पण वास घेतल्याशिवाय जायचं नाही," ती म्हणाली. "तूच सांगितलंयस."

चित्त्याने मुलीच्या हातातून कागद घेतला, घडी घातली आणि खिशात ठेवला. मग तो नातीसमोर गुडघ्यांवर बसला आणि त्याने तोंड उघडलं.